थकलेलं सरकारी बिल आणि कोर्टाची सेवा: वापरून पाहिल्यावरचा अभिप्राय

आधी गुण देऊन टाकते, कारण बहुतेकांना तेवढंच हवं असतं. एमबीत, म्हणजे सरकारी मोजमाप वहीत, चढलेलं, तपासून पास झालेलं, नुसतं ‘निधी नाही’ म्हणून अडकलेलं बिल असेल तर हायकोर्टात रिट, म्हणजे ‘सरकारला हुकूम द्या’ असा थेट अर्ज: पाचपैकी साडेचार. रकमेवरच वाद असेल, तर व्यावसायिक न्यायालयात दावा: पाचपैकी अडीच, आणि तोही उदार मनाने. दाव्याआधीची सक्तीची मध्यस्थी: सरकारच्या बाजूने माणूस आला तर चार, नाही आला तर शून्य. लघुउद्योगांसाठीची फॅसिलिटेशन कौन्सिल: माल पुरवणाऱ्याला साडेचार, आमच्यासारख्या बांधकामवाल्याला निव्वळ हेलपाटा.

आता मी कोण ते. सिव्हिलचा डिप्लोमा केला, सुबे अभियंता म्हणून, म्हणजे सुशिक्षित बेरोजगार या नावाने, सार्वजनिक बांधकामकडे नोंदणी केली आणि सोलापूर जिल्ह्यात रस्त्यांची छोटी कामं घेऊ लागले. खडीकरण, बीबीएम, कार्पेट, सीलकोट, मधे एखादी मोरी, म्हणजे रस्त्याखालून पाणी जायची वाट. आता चाळिशी ओलांडली, हाताखाली माणसं आहेत, दोन रोलर आहेत. पण कागदावर अजून ‘बेरोजगार’ हा शब्द चिकटून आहे. बिलं अशीच थकत राहिली तर तो खराही ठरेल, असं आमचे अकाउंटंट म्हणतात.

माझं येणं दोन तुकड्यांत होतं. एका रस्त्याचं अंतिम बिल, एकतीस लाखांच्या आसपास. शाखा अभियंत्याने मोजमाप नोंदवलेलं, डेप्युटींनी, म्हणजे उपअभियंत्यांनी, तपासलेलं, विभागाच्या लेखाधिकाऱ्याने पास केलेलं. आणि दुसरा तुकडा सात लाखांचा. त्याच रस्त्यावर पावसाच्या तोंडावर ओढ्याचं पाणी फिरलं, डेप्युटी म्हणाले, “मॅडम, पाइप टाकून मोरी करून घ्या, ईआयआरएल मागाहून मंजूर करून घेऊ.” एक्स्ट्रा आयटमच्या दराची मंजुरी म्हणजे ईआयआरएल. मोरी झाली, पाणी वळलं, गावाने नारळही फोडला. डेप्युटींची बदली झाली. मंजुरी कुठल्या टेबलावर आहे ते विचारायला गेलं की कारकून कपाटाकडे बोट दाखवतो आणि कपाट साहेबांकडे.

ऑफिसचं नाव मी देणार नाही. पुढच्या निविदा तिथेच भरायच्या आहेत.

हे दुखणं माझ्या एकटीचं नाही. २०२५ मध्ये राज्यभर ठेकेदार रस्त्यावर उतरले तेव्हा सगळ्या खात्यांची मिळून थकबाकी ९० हजार कोटींच्या घरात असल्याचा संघटनांचा दावा होता. त्याच वर्षी जुलैमध्ये वाळवा तालुक्यात जलजीवनची कामं करणाऱ्या एका तरुण ठेकेदाराने आत्महत्या केली. नंतर चर्चा कशाची झाली, तर बिल त्याच्या नावावर थकलेलं होतं का, की तो पोटठेकेदार होता. ही चर्चा ऐकायला वाईट वाटते, पण कोर्टातला पहिला प्रश्न नेमका तोच असतो. कार्यारंभ आदेश कुणाच्या नावावर आहे? दुसऱ्याच्या लायसनवर काम केलं असेल तर सरकारविरुद्ध तुमचा काहीच दावा नाही, तुमचा दावा त्या लायसनवाल्याविरुद्ध. आमच्याकडे निम्मी कामं अशीच चालतात. त्यांना पुढचं सगळं गैरलागू आहे, म्हणून हे वरच सांगितलं.

कौन्सिल

सीए, मेव्हणा, बँकेचा मॅनेजर, कुणालाही थकबाकी सांगा, तो म्हणतो, “उद्यम रजिस्ट्रेशन आहे ना? मग समाधान पोर्टलवर टाका.” हे पोर्टल २०१७ मध्ये आलं, त्यावरची तक्रार कौन्सिलकडे जाते. त्यामागे २००६ चा सूक्ष्म-लघु-मध्यम उद्योगांचा कायदा आहे आणि कायदा वाचला तर तोंडाला पाणी सुटतं. लेखी करार असला तरी ४५ दिवसांच्या आत पैसे द्यायचे. नाही दिले तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट व्याज, तेही दरमहा चक्रवाढीने. बँक रेट ६.७५ टक्के होता तेव्हा हे व्याज सव्वावीस टक्क्यांवर जात होतं. आणि कौन्सिलने निवाडा दिला की खरेदीदाराला आव्हान द्यायचं तर आधी ७५ टक्के रक्कम कोर्टात भरावी लागते. सरकारी खात्यालासुद्धा.

माझ्या ओळखीचे एक गृहस्थ ग्रामपंचायतींना सौर दिवे पुरवतात. त्यांनी या दाराने पैसे काढले आणि व्याजाचा हिशेब बघून समोरच्या ऑफिसला घाम फुटला, असं ते अजून रंगवून सांगतात. त्यांचं खरं आहे. ते माल देतात, चलनावर सही घेतात, विषय संपला. आमचं काम वर्क्स काँट्रॅक्ट. माल आणि मजुरी एकमेकांत कालवलेली. आणि मुंबई उच्च न्यायालयाच्या निकालांमध्ये वर्क्स काँट्रॅक्ट या कायद्याच्या त्या सवलतींबाहेर धरलं गेलं आहे. कौन्सिलने तुमच्या बाजूने निवाडा दिला तरी समोरचा वकील पहिल्याच तारखेला हा मुद्दा काढणार. माझ्या वकिलांनी फाइल उघडण्याआधीच सांगितलं, “ताई, तिकडे वर्ष घालवू नका.” नाही घालवलं.

आयकर कायद्यात ४३बी(एच) आलं तेव्हाही असाच गाजावाजा झाला होता. लहान उद्योगाचे पैसे मुदतीत दिले नाहीत तर खरेदीदाराला तो खर्च त्या वर्षी वजा मिळत नाही. खाजगी कंपन्या त्याला घाबरतात हे मी पाहिलंय. पण सरकारी खातं आयकर भरतं कुठे? त्याला कशाची भीती?

नोटीस आणि मध्यस्थी

राज्य सरकारवर दावा लावायचा तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस आणि दोन महिने थांबणं. ही नोटीस नुसती कार्यकारी अभियंत्याला पाठवून भागत नाही. ती शासनाच्या सचिवांना किंवा जिल्हाधिकाऱ्यांना जावी लागते. आमच्या भागातल्या एका ठेकेदाराचा दावा याच एका कारणावर अडखळला होता, म्हणून माझ्या वकिलांनी ती तिन्हीकडे पाठवली. उत्तर कुठूनच आलं नाही. तरी तिचे दोन उपयोग झाले. एक म्हणजे मुदत: थांबलेले दोन महिने दावा लावायच्या तीन वर्षांच्या मुदतीतून वगळले जातात. दुसरा म्हणजे व्याज: १९७८ च्या व्याज कायद्यानुसार लेखी नोटिशीत ‘या तारखेपासून व्याज मागणार’ असं लिहिलं असेल, तर कोर्ट तिथपासून व्याज देऊ शकतं. ज्यांनी नोटिशीत नुसतं ‘पैसे द्यावेत ही विनंती’ असं लिहिलं, त्यांनी विनंतीच केली.

मग मध्यस्थी. तीन लाखांच्या वरचा बांधकामाचा वाद हा कायद्याने व्यावसायिक वाद धरला जातो, समोर सरकार असलं तरीही. आणि तातडीचा मनाई हुकूम वगैरे मागायचा नसेल तर दावा लावण्याआधी मध्यस्थीला जाणं सक्तीचं आहे. ती सक्ती खरीच सक्ती आहे, टाळता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये पाटील ऑटोमेशनच्या खटल्यात पक्कं केलं. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज, अर्जाची फी एक हजार. मध्यस्थी सुरू झाली तर तिची फी दाव्याच्या रकमेप्रमाणे, माझ्या टप्प्याला तीस हजार, दोघांत निम्मी.

ही खरं तर सगळ्यात स्वस्त आणि सगळ्यात शहाणी सेवा. वातावरण चांगलं, बसायला खुर्ची, वकिलाचा काळा कोट नसला तरी चालतं, आणि तडजोड झाली तर तिला लवादाच्या निवाड्याचं वजन. पण टाळी दोन हातांनी वाजते. प्राधिकरणाने ऑफिसला नोटीस काढली, पुन्हा काढली. पहिल्या वेळी कुणी नाही. दुसऱ्या वेळी एक कनिष्ठ लिपिक आले, हातात पिशवी. त्यांना कशावर सही करायचा अधिकार नव्हता, तसं त्यांनी प्रामाणिकपणे सांगितलं. मला म्हणाले, “मॅडम, साहेबांनी फक्त ऐकून यायला सांगितलंय.” ऐकून गेले. मध्यस्थी सुरूच झाली नाही, असा अहवाल हातात पडला. त्याला तिथे सगळे ‘नॉन-स्टार्टर’ म्हणतात. तो अहवाल दाव्याला जोडायचा की रस्ता मोकळा.

यात अधिकाऱ्यांचीही एक अडचण आहे, ती मला उशिरा कळली. तडजोडीत एक लाख जरी जास्त दिला तरी उद्या लेखापरीक्षणात आक्षेप, चौकशी, पेन्शनवर टांगती तलवार. कोर्टाच्या हुकमाने तोच लाख दिला तर कुणी विचारत नाही. त्यामुळे कित्येक साहेब मनातून म्हणत असतात, जा बाई कोर्टात, हुकूम घेऊन ये, मी पैसे देतो. एकाने चहा पाजून हेच, जवळपास याच शब्दांत सांगितलं.

रिट

इथे माझ्या वकिलांची हुशारी. त्यांनी दोन तुकडे वेगळे केले. सात लाखांच्या मोरीबद्दल वाद आहे, ती दिवाणी कोर्टात. एकतीस लाखांबद्दल वादच नाही, मग दावा कशाला? राज्यघटनेच्या कलम २२६ खाली सरळ हायकोर्टात.

एरवी हायकोर्ट कराराच्या भांडणात पडत नाही, ‘दिवाणी कोर्टात जा’ म्हणतं. पण सरकारने करार करून मनमानी केली तर रिट चालू शकतं, हे २००३ मध्ये एबीएल इंटरनॅशनलच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं. आणि २०१९ मध्ये सूर्या कन्स्ट्रक्शन विरुद्ध उत्तर प्रदेश सरकार या प्रकरणात आणखी थेट: रकमेबद्दल वाद नसेल तर ठेकेदाराला पैशासाठीही रिट करता येतं. सगळी मदार ‘वाद नसेल’ या दोन शब्दांवर.

आता वाद नाही हे दाखवायचं कसं? ऑफिस कधीच लिहून देत नाही की आम्ही देणं लागतो. म्हणून माहिती अधिकारात अर्ज टाकला, दहा रुपयांचं तिकीट लावून. तीन गोष्टी मागितल्या: एमबीच्या पानांच्या प्रती, बिलाच्या नोंदवहीतली माझी ओळ, आणि वरिष्ठांकडे या लेखाशीर्षाखाली निधी मागितल्याची पत्रं. पहिल्या दोन गोष्टी सगळे मागतात. तिसरी खरी चावी. कार्यकारी अभियंता आपल्या वरिष्ठांना दर तिमाहीला यादी पाठवतो: अमुक कामांची अमुक रकमेची देयकं निधीअभावी प्रलंबित. त्या यादीत माझं नाव, माझी रक्कम, आणि खाली साहेबांची सही. मला उद्देशून नसलेलं ते पत्र माझ्या कुठल्याही नोटिशीपेक्षा भारी ठरलं. मुदतीच्या दृष्टीनेही त्याचा उपयोग आहे. तीन वर्षं संपण्याआधी देणं लेखी मान्य केलं की मुदत पुन्हा पहिल्यापासून मोजतात, आणि ती कबुली ठेकेदारालाच उद्देशून असली पाहिजे असं नाही.

ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालं, त्यात सोलापूर आलं. याचा फायदा मुंबईच्या रात्रीच्या गाडीने गेलेल्यालाच कळेल. सांगोला-मिरज मार्गाने पहाटे निघालं की कोर्ट बसायच्या आत सीपीआर रुग्णालयासमोरच्या त्या जुन्या इमारतीत पोचता येतं आणि रात्री घरी. तारीख लागली नाही तरी लॉजचं भाडं अंगावर पडत नाही. गर्दी आहे, पार्किंग नाही, बोर्डावर आपला नंबर कधी येईल याचा अंदाज चहावाल्याला वकिलांपेक्षा बरा असतो. पण सहा जिल्ह्यांची सोय झाली हे खरं.

रिटचं काम असं चाललं. नोटीस निघाली. सरकारी वकिलांनी सूचना घ्यायला वेळ मागितला, मिळाला. पुन्हा मागितला, मिळाला. मग कोर्टाने प्रतिज्ञापत्र मागितलं: रक्कम मान्य आहे की नाही? आणि इथे ऑफिस कोंडीत सापडलं. ‘मान्य नाही’ म्हणावं तर स्वतःची यादी, स्वतःची एमबी समोर. ‘मान्य आहे’ म्हणावं तर मग देत का नाही? प्रतिज्ञापत्रात आलं: रक्कम देय आहे, तरतूद प्राप्त होताच अदा करण्यात येईल. ते वाक्य वाचून मी वकिलांकडे बघितलं, ते खाली मान घालून हसत होते. ठरावीक आठवड्यांत पैसे द्या असा हुकूम झाला, आणि व्याज व बाकी मागण्यांसाठी दिवाणी कोर्टाची वाट मोकळी ठेवली.

मुदत उलटली, पैसे नाहीत. अवमान याचिकेची नुसती नोटीस वकिलांच्या लेटरहेडवर गेली आणि ज्या बीम्स या सरकारच्या निधीवाटपाच्या संगणक प्रणालीवर दोन वर्षं तरतूद दिसत नव्हती तिथे ती दिसायला लागली. मार्च संपायच्या आत रक्कम खात्यात. आयकर, जीएसटीचा टीडीएस, कामगार उपकर, अनामत, सगळं रीतसर कापून. कापताना कधीच निधीची अडचण येत नाही.

अर्धा गुण कशासाठी कापला, तर व्याजासाठी. दोन वर्षं बँकेच्या कॅश क्रेडिटवर मी व्याज भरलं, डांबराचे पैसे आगाऊ मोजले, खडीवाल्याला तोंड लपवलं. त्याचं रिटमध्ये काही मिळालं नाही. तिथे मुद्दल लवकर सुटतं, एवढंच.

दावा

सात लाखांची मोरी आणि एकतीस लाखांवरचं व्याज, यासाठी जिल्ह्याच्या व्यावसायिक न्यायालयात दावा लावला. ही सेवा नवी आहे, २०१५ च्या कायद्याने आलेली, आणि तिची जाहिरात वेगाची आहे. एका बाबतीत जाहिरात खरी. लेखी म्हणणं द्यायला ३० दिवस, फार तर १२०. त्यानंतर हक्कच जातो, कोर्टालाही मुदत वाढवता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये हे ठणकावलं, तेही एका ठेकेदार कंपनीच्याच प्रकरणात. साध्या दिवाणी दाव्यात सरकारचं म्हणणं यायला जी युगं लागतात ती इथे लागत नाहीत. माझ्याकडे ते १२० दिवस भरत आले तेव्हा आलं, पण आलं.

आलं ते मात्र वाचण्यासारखं. मोरीसाठी लेखी आदेश नाही, सबब रक्कम देय नाही. वादीने मोरी स्वखुशीने बांधली असावी. स्वखुशीने! माझ्या घरी परसात ओढा नाही, की मी हौसेने पाइप टाकत फिरेन.

याला उत्तर जुनं आहे. दुसरं महायुद्ध चालू असताना बंगालमध्ये बी. के. मंडल अँड सन्स या फर्मने सरकारच्या सांगण्यावरून आरामबागला धान्याच्या गोदामांची कामं केली, पुढे रस्ता केला, कार्यालय, स्वयंपाकघरसुद्धा. रीतसर करार झालेलाच नव्हता. सरकारने वापर केला आणि पैसे नाकारले. १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की करार वैध नसला तरी करार कायद्याच्या कलम ७० प्रमाणे, फुकट करायच्या इराद्याने न केलेलं काम सरकारने स्वीकारून त्याचा लाभ घेतला असेल तर मोबदला द्यावा लागेल. माझ्या मोरीवरून गावाची एसटी जाते. लाभ घेतला नाही असं कोण म्हणेल? पण काम झालं, किती झालं, दर काय, हे मला पुराव्याने दाखवायचं आहे. कारण ही मोरी एमबीत नाही. आहे ते फोटो, तारीख-वेळ-ठिकाण उमटलेले. पाइपवाल्याची आणि सिमेंटची बिलं. आणि ‘पाइप आले का?’ असा डेप्युटींचा व्हॉट्सअॅप. तो तीन शब्दांचा निरोप आता माझ्या फाइलमधला सगळ्यात महाग कागद आहे.

व्याजाचं दुखणं वेगळं. निविदेच्या शर्तींत एक ओळ होती की देयक निधीच्या उपलब्धतेनुसार दिलं जाईल, विलंबापोटी व्याज मागता येणार नाही. प्रत्येक निविदेत असते, प्रत्येक जण सही करतो, नाही केली तर काम नाही. आणि व्याज कायद्यातच अपवाद आहे: करारात स्पष्ट ‘नाही’ म्हटलं असेल तर मागचं व्याज नाही. दावा लावल्यानंतरच्या काळाचं व्याज कोर्टाच्या हातात असतं, असं वकील म्हणतात आणि त्यावर त्यांचा भरवसा आहे. माझा थोडा कमी आहे.

सध्या दाव्यात मुद्दे निघालेत, पुरावा सुरू व्हायचाय. हुकूमनामा झाला तरी सरकारविरुद्ध तीन महिने वसुली लावता येत नाही, मग दरखास्त, मग अपील. ‘साहेबांची खुर्ची जप्त’ अशा बातम्या आपण वाचतो. बेलीफ खुर्ची उचलतो, संध्याकाळी आश्वासन मिळतं, खुर्ची परत. खुर्ची विकून किती येणार? तिचा उपयोग फोटोपुरता. पण फोटो छापून आला की फाइल हलते, हेही बघितलंय. म्हणून अडीच गुण. सात लाखांसाठी हा रस्ता पुन्हा घेईन का? तीन-चार लाखांचं येणं असतं तर नसता घेतला.

खर्च, आणि सगळे विचारतात तो प्रश्न

रिटला कोर्ट फी किरकोळ, वकिलाची फी हाच खर्च. दाव्याला कोर्ट फी रकमेवर चढत जाते, ती आधी भरावी लागते आणि ती टोचते. ‘वसुलीच्या दहा टक्के द्या, बाकी काही नको’ म्हणणारा वकील भेटला तर लांब राहा. वकिलांना तशी टक्केवारी घ्यायला बार कौन्सिलच्या नियमांनी मनाई आहे. आणि टक्केवारी आपल्या धंद्यात आधीच पुरेशी झाली आहे. टप्प्याटप्प्याने ठरलेली फी घेणारा, आधी फाइल वाचणारा, आणि ‘हे मिळणार नाही’ असं तोंडावर सांगणारा बघा. माझे तसे आहेत. पहिल्या भेटीत त्यांनी फी सांगितली नाही, एमबीचं पान मागितलं.

आता तो प्रश्न. “ताई, कोर्टात गेलीस, आता पुढची कामं मिळतात का?”

हायकोर्टाचा हुकूम झाल्यावर काही महिने त्या ऑफिसात माझ्याशी बोलताना सगळे जरा जास्तच अदबीने बोलायचे, आणि ते शिव्यांपेक्षा वाईट लागतं. लहान कामांच्या कामवाटपात माझा नंबर का लागत नाही, याला नेहमी काहीतरी कारण असायचं. ई-निविदेत मात्र कुणी हात लावू शकलं नाही: दर उघडला, सगळ्यात कमी माझा, काम मला. त्या कामावर शाखा अभियंत्याने रस्त्याची जाडी तपासायला इतके खड्डे घेतले की मीच म्हटलं, साहेब, रस्ता ठेवा थोडा. जाडी भरली. पहिलं आरए बिल, म्हणजे काम चालू असतानाचं बिल, वेळेत निघालं, दुसरं सध्या लेखाधिकाऱ्याकडे आहे. यावेळी खोदाई वाढली तेव्हा साइटवर आलेल्या नव्या डेप्युटींना मी वही पुढे केली. त्यांनी एकदा माझ्याकडे, एकदा वहीकडे बघितलं, आणि सूचना लिहून खाली तारखेसह सही केली.

मोरीच्या दाव्याची पुढची तारीख दिवाळीनंतरची आहे. पुराव्यात काय होतं ते कळलं की अडीच गुण वर जातात की खाली येतात, ते याखालीच लिहीन.